एफआयआर रद्द करून घ्यायची असेल तर: उच्च न्यायालयातला अर्ज

गुन्हा दाखल झाला की पहिला प्रश्न येतो, ‘हायकोर्टातून क्वॉश, म्हणजे रद्द, होईल का?’ फिर्याद खोटी आहे, एवढं या अर्जाला पुरत नाही. या टप्प्यावर हायकोर्ट पुरावे तोलत बसत नाही. फिर्यादीतलं सगळं खरं धरलं, तरी त्यातून गुन्हा बनतो का, हे पाहतं. ‘त्या दिवशी मी गावातच नव्हतो’ हा बचाव एरवी खालच्या कोर्टातल्या खटल्यात मांडायचा असतो.

१ जुलै २०२४ पासून हा अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ खाली होतो. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हेच कलम ४८२ होतं. नव्या संहितेत मात्र ४८२ म्हणजे अटकपूर्व जामीन, त्यामुळे जुने निकाल वाचताना गल्लत करू नका. शिवाय संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली फौजदारी रिट याचिकेचाही (थेट हायकोर्टाकडे आदेश मागणाऱ्या अर्जाचाही) मार्ग आहे.

कुठल्या प्रकरणांत हात घालायचा, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९० च्या भजनलाल निकालात सात प्रकार देऊन सांगितलं. फिर्यादीतून गुन्हाच दिसत नाही, कायद्यानेच कारवाईला मनाई आहे, उघड सूडबुद्धी आहे, असे ते प्रकार. म्हणून वकिलाकडे जाण्याआधी एफआयआर ओळ न् ओळ वाचा. समजा, हुंड्याच्या छळाच्या फिर्यादीत नवऱ्याबद्दल तारखेसकट तीन प्रसंग आहेत आणि दुसऱ्या शहरात राहणाऱ्या नणंदेबद्दल ‘तीही त्रास देत असे’ एवढंच वाक्य आहे. अशा वेळी नणंदेपुरता गुन्हा रद्द होऊन नवऱ्यावरचा चालू राहू शकतो. एकाच अर्जात सगळ्यांची बाजू सरसकट मांडली की हा फरकच झाकला जातो.

तडजोड झाली असेल तर वाट बरीच सोपी. पण ‘आमचं मिटलं’ असं पोलीस ठाण्यात लिहून दिल्याने गुन्हा मिटत नाही. फिर्यादीचं ना-हरकत प्रतिज्ञापत्र हायकोर्टात दाखल करावं लागतं. संमती दबावाखाली नाही ना, याची न्यायालय खात्री करून घेतं, त्यासाठी फिर्यादीला समक्षही बोलावतं. कौटुंबिक आणि पैशाच्या वादांत हे चालतं. खून, बलात्कार, दरोडा अशा गुन्ह्यांत तडजोडीवर गुन्हा रद्द होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २०१२ च्या ग्यान सिंग निकालाने स्पष्ट केलं आहे.

कागदपत्रं अशी लागतात: एफआयआरची प्रत, दोषारोपपत्र दाखल असेल तर त्याची संपूर्ण प्रत, वकीलपत्र, अर्जदाराचं प्रतिज्ञापत्र, ओळखपत्र आणि वादाशी थेट संबंधित करार, नोटिसा, आधीचे आदेश. मुंबई उच्च न्यायालयाचं कामकाज इंग्रजीत चालतं, त्यामुळे मराठी एफआयआरचं भाषांतर जोडावं लागतं. प्रतिवादी म्हणून राज्य सरकार आणि मूळ फिर्यादी दोघंही हवेत. अर्ज कुठे, हे जिल्ह्यावर ठरतं: मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, आणि ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच.

अर्ज दाखल झाला म्हणून तपास थांबत नाही, अटकही टळत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२१ च्या निहारिका निकालाने, तोही महाराष्ट्रातल्याच प्रकरणात, ‘कठोर कारवाई करू नये’ असे सरधोपट अंतरिम आदेश देऊ नयेत असं बजावलं. अटकेची भीती असेल तर अटकपूर्व जामिनाचा वेगळा अर्ज आधी करा.

अर्जाला ठरावीक मुदत नाही, पण उशीर केला तर कारण विचारलं जातं. दोषारोपपत्र आल्यावरही अर्ज चालतो. मात्र तेव्हा खालच्या कोर्टात दोषमुक्तीचा (खटला चालण्याआधीच आरोपातून सुटण्याचा) पर्यायही असतो आणि नव्या संहितेत त्याला ६० दिवसांची मुदत आहे. हायकोर्टातल्या तारखांकडे डोळे लावून ती हुकवू नका.

गुन्हा रद्द झाल्यावर आदेशाची प्रमाणित प्रत पोलीस ठाण्यात आणि खालच्या कोर्टात स्वतः नेऊन द्या, पोच घ्या. पुढे पासपोर्टच्या पडताळणीत जुनी नोंद निघालीच, तर तोच कागद दाखवावा लागतो.