पार्श्वभूमी: संत्र्याची स्मूदी लगेच का प्यावी लागते

संत्र्याची स्मूदी घरी करणाऱ्या प्रत्येकाने एक सूचना ऐकलेली असते: केली की लगेच प्यायची. का, असं विचारलं तर बहुतेकांचं उत्तर ठरलेलं असतं, जीवनसत्त्वं उडून जातात. हे उत्तर फारसं बरोबर नाही. क जीवनसत्त्व आंबट रसात बऱ्यापैकी तग धरतं, तासाभरात त्याचं फार काही बिघडत नाही. बिघडते ती चव. सकाळी करून फ्रिजमध्ये ठेवलेला ग्लास दुपारी तोंडाला लावला की जिभेवर एक कडवटपणा रेंगाळतो आणि आपल्याला वाटतं, संत्रंच वाईट निघालं. दोष फळाच्या ताजेपणाचा नसतो. या कडवटपणामागे मोठा इतिहास आहे, आणि हे फळ अख्खं मिक्सरमध्ये पडायला इतका उशीर का झाला, तेही त्याच इतिहासात दडलेलं आहे.

आधी नावाचा घोळ सोडवायला हवा. मराठीत ‘संत्रं’ म्हटलं की सैल सालीचं, हाताने सहज सुटणारं फळ डोळ्यांसमोर येतं. शास्त्रीयदृष्ट्या ते मँडरिन गटातलं. जगाच्या इतिहासात ‘ऑरेंज’ म्हणून जे गाजलं ते मात्र घट्ट सालीचं गोड फळ, आपल्या मोसंबीचं सख्खं भावंड. पपनस आणि मँडरिन यांच्या संकरातून ते जन्मलं, हे जनुकीय अभ्यासातून स्पष्ट झालं आहे. या साऱ्या लिंबूवर्गीय कुळाचं माहेर हिमालयाच्या पूर्वेकडचा पायथा, उत्तर म्यानमार आणि नैर्ऋत्य चीन या पट्ट्यात मानलं जातं. स्मूदीसाठी दोन्ही फळं चालतात, पण पुढे ज्या घडामोडी येतात त्या मुख्यतः घट्ट सालीच्या फळाच्या आहेत.

नाव मात्र आपल्या बाजूने गेलं. बहुधा द्राविडी भाषांतून संस्कृतात आलेला ‘नारङ्ग’ फारसीत गेला, अरबीत ‘नारंज’ झाला, स्पॅनिशमध्ये ‘नारांहा’, आणि पुढे फ्रेंच-इंग्रजीत पोचेपर्यंत सुरुवातीचा ‘न’ गळून ‘ऑरेंज’ उरला. अरबांनी दहाव्या शतकाच्या आसपास भूमध्य सागराकाठी नेलं ते संत्रं कडू होतं, सुगंधासाठी आणि औषधासाठी वापरायचं. गोड संत्रं तिथे रुजलं ते पंधराव्या-सोळाव्या शतकात, इटलीतल्या जिनोआच्या आणि पोर्तुगालच्या व्यापाऱ्यांमुळे. ग्रीक, तुर्की आणि अरबी भाषांत आजही संत्र्याचं नाव पोर्तुगालवरून आहे. डच भाषेत त्याला चक्क ‘चिनी सफरचंद’ म्हणतात. ज्याने आणून दिलं त्याचं नाव फळाला चिकटलं. कोलंबसाने 1493 च्या दुसऱ्या सफरीत लिंबूवर्गीय फळांच्या बिया अटलांटिकपार नेल्या आणि संत्रं नव्या खंडात पोचलं.

संत्र्याला आरोग्याचं वलय मिळालं ते जहाजावर. 1747 मध्ये ‘सॅलिसबरी’ या ब्रिटिश युद्धनौकेवर जेम्स लिंड या डॉक्टरने स्कर्व्हीने, म्हणजे क जीवनसत्त्वाच्या अभावाने होणाऱ्या रोगाने, आजारी 12 खलाशी निवडले आणि दोन-दोनच्या जोड्यांना वेगवेगळे उपचार दिले. एका जोडीला रोज दोन संत्री आणि एक लिंबू. सहा दिवसांत जहाजावरचा साठा संपला, पण तेवढ्यात त्या दोघांपैकी एक जण कामावर रुजू होण्याइतका बरा झाला होता. यामागचं द्रव्य, म्हणजे क जीवनसत्त्व, हाती लागायला मात्र विसावं शतक उजाडावं लागलं. अल्बर्ट सेंट-ज्यॉर्जी यांनी ते वेगळं काढलं आणि 1937 चं नोबेल त्यांना मिळालं. पण लिंडच्या खलाशांनी संत्री खाल्ली होती. पेलाभर संत्र्याचा रस हे रोजचं पेय नव्हतं. फळ महाग, रस टिकत नसे, आणि एक ग्लास भरायला दोन-तीन फळं पिळावी लागत.

मग रस एवढा घरोघरी कसा पोचला? फळ जास्त झालं म्हणून. ही गोष्ट कॅलिफोर्नियातली, आणि आपल्या कडवटपणाचं मूळही तिथेच सापडतं. ब्राझीलच्या बाहिया भागात एक बिनबियांचं संत्रं होतं, टोकाला बेंबीसारखी खळी असलेलं. त्याची 12 कलमी रोपं 1870 मध्ये अमेरिकेच्या कृषी खात्याने मागवली. त्यांच्यापासून वाढवलेली मोजकी रोपं 1873 मध्ये रिव्हरसाइड गावातल्या एलायझा टिबेट्स यांना मिळाली. हेच ‘नेव्हल’ संत्रं. बीच नसल्याने ते फक्त कलमानेच वाढवता येतं. तिथली नेव्हलची बाग त्या झाडांच्या फांद्यांवरून वाढत गेली, आणि त्या मूळ झाडांपैकी एक रिव्हरसाइडमध्ये अजून उभं आहे. मला या साऱ्या इतिहासात सर्वांत भावणारी गोष्ट ही: एका परसातलं झाड आणि त्याची लाखो जुळी भावंडं.

नेव्हल खायला उत्तम, सोलायला सोपं. रस काढून ठेवला की मात्र ते कडू होतं. फळ शाबूत असताना त्याच्या गरात एक बिनकडू द्रव्य असतं. पेशी फुटल्या की ते आम्लाच्या संपर्कात येतं आणि हळूहळू त्याचं ‘लिमोनिन’ बनतं. लिमोनिन अतिशय कडू. गंमत अशी की हा बदल सावकाश होतो, म्हणून फोड खाताना काहीच जाणवत नाही आणि ताजा रसही गोड लागतो. काही तासांनी तोच रस कडवट होतो. रस काढणाऱ्या कारखान्यांना याचा फार त्रास झाला. पुढे खास राळेतून रस गाळून लिमोनिन काढून टाकण्याची युक्ती सापडली. रसासाठी मुख्यतः ‘व्हॅलेन्सिया’ ही जात लावली गेली त्याचं एक मोठं कारणही हेच, त्यात हा दोष कमी. मिक्सर तर पेशी फोडण्याचंच काम करतो, तेव्हा लिमोनिनचं घड्याळ स्मूदीतही पातं फिरताच सुरू होतं.

बागा वाढल्या आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीला कॅलिफोर्नियात विक्रीपेक्षा फळ जास्त झालं. 1916 मध्ये तिथल्या बागायतदारांच्या संघाने ‘सनकिस्ट’ या नावाखाली ‘संत्रं प्या’ अशी जाहिरात मोहीम काढली. सोबत रस पिळायची काचेची भांडीही विकली. हिशोब साधा होता: खाणारा एका वेळी एक संत्रं खातो, पिणारा दोन-तीन संपवतो. संत्र्याचा रस ही आरोग्याची सनातन सवय आहे असं आपल्याला वाटतं, पण तिची पाळंमुळं बऱ्याच अंशी या जाहिरातीत आहेत. मोहीम होती रसाची, म्हणून चोथा टाकाऊ ठरला. तो टाकाऊ समजण्याची सवय आपण अजून सोडलेली नाही.

दाट पेयाकडे पहिलं पाऊल 1926 मध्ये पडलं. लॉस एंजेलिसमध्ये ज्यूलियस फ्रीड नावाचा माणूस संत्र्याचा रस विकायचा. त्याला जागा मिळवून देणारे बिल हॅम्लिन आधी रसायनांचं काम केलेले होते. नुसता आंबट रस पोटाला झोंबतो म्हणून त्यांनी त्यात काही घटक मिसळून फेसाळ, मलईदार पेय तयार केलं. तेच ‘ऑरेंज ज्यूलियस’. नेमकी कृती गुपित राहिली. घरोघरच्या नकलांमध्ये दूध, व्हॅनिला, साखर आणि बर्फ असतो. संत्र्याच्या स्मूदीची आजी कोणती, असं मला विचारलं तर मी हिचंच नाव घेईन.

पण हेही रसाचंच पेय होतं. अख्खी फळं वाटायला यंत्र हवं होतं. स्टीव्हन पोप्लॉव्स्की यांनी 1922 च्या सुमारास भांड्याच्या तळाशी फिरणारं पातं बसवलं, तेही सोडा फाउंटनवर, म्हणजे थंड पेयांच्या काउंटरवर, माल्ट घातलेलं दूध घुसळण्यासाठी. फळांचा विचार नंतर आला. फ्रेड ओसियस यांनी ती कल्पना पुढे नेली, पण त्यांचं यंत्र काही केल्या नीट चालेना. फ्रेड वॉरिंग हे त्या काळातले लोकप्रिय वाद्यवृंद प्रमुख. त्यांनी पैसा घातला, यंत्राची रचना दुसऱ्यांकडून सुधारून घेतली, आणि 1937 मध्ये ते शिकागोच्या एका व्यापारी प्रदर्शनात मांडलं. जोनास सॉल्क यांनी पोलिओच्या लशीवरच्या संशोधनातही वॉरिंगचं यंत्र वापरलं. ब्लेंडरसोबत मिळणाऱ्या कृतींच्या पुस्तिकांमध्ये चाळीसच्या दशकात ‘स्मूदी’ हे नाव दिसू लागतं, मुख्यतः केळ्याचं आणि अननसाचं. पेयाचा मऊसूतपणा सांगणारा हा शब्द. संत्रं त्यात मागे राहिलं याचं मला नवल वाटत नाही. पांढरा पापुद्रा, फोडींची आवरणं, बिया. त्या काळच्या यंत्रांना हे सगळं मऊ करणं जड गेलं असणार.

त्याच दशकात संत्र्याची दुसरीच वाट उघडली. डब्यातला रस उकळल्यासारखा लागायचा. फ्लोरिडात मॅकडॉवेल, मूर आणि अॅटकिन्स या तिघांनी उपाय काढला: निर्वात जागेत कमी तापमानावर रस खूप आटवायचा, मग उडून गेलेल्या वासाची भरपाई म्हणून त्यात थोडा ताजा रस परत घालायचा आणि गोठवायचा. 1948 मध्ये त्याचं पेटंट झालं. गोठवलेल्या रसाचा हा डबा ब्लेंडरमध्ये उपडा केला की थंड आणि दाट पेय तयार, बर्फाने पाणचट होण्याची भीती नाही. आज आपण केळं किंवा फोडी आधी गोठवून घेतो, त्यामागचं तत्त्व तेच.

सत्तरच्या दशकात स्मूदीचा धंदा उभा राहिला. स्टीव्ह कूनाऊ यांना दूध पचत नसे, म्हणून त्यांनी फळांची पेयं करून पाहिली आणि 1973 मध्ये लुइझियानात ‘स्मूदी किंग’ सुरू केलं.

दूध आणि संत्रं यांचं भांडण इथेच समजून घेऊ. दुधातलं केसीन हे प्रथिन 4.6 च्या आसपासच्या सामूला (pH; हा आकडा जितका कमी तितकं द्रव आंबट) एकत्र येऊन गोळा होतं. संत्र्याचा रस त्याहून आंबट, साधारण 3.3 ते 4.2. त्यामुळे दूध फाटतं. थंडीत ही क्रिया मंदावते, म्हणून दूध आणि फळ दोन्ही बर्फासारखे गार असले तर प्यायला तेवढा वेळ मिळतो. दह्यात केसीन आधीच गोळा झालेलं असतं, त्यामुळे तिथे नवीन काही फाटायचं उरत नाही. मी दह्याच्याच बाजूने आहे.

आणि चोथ्याचं काय? 100 ग्रॅम संत्र्यात सुमारे 2.4 ग्रॅम तंतू असतो, तेवढ्याच ताज्या रसात जेमतेम 0.2 ग्रॅम. 1916 पासून आपण जो भाग फेकत आलो, तो स्मूदीत परत येतो. म्हणून रस पिळून मिक्सरमध्ये ओतण्यापेक्षा अख्ख्या फोडी टाकाव्यात. तरीही वाटलेलं फळ खाल्लेल्या फळाच्या बरोबरीचं मानलं जातंच असं नाही. ब्रिटनचा आरोग्य सल्ला रस आणि स्मूदी मिळून दिवसाला 150 मिलिलिटरवर थांबायला सांगतो, कारण पेशी फुटल्या की आतली साखर मोकळी होते.

फोडी टाकताना बिया मात्र एकूण एक काढायला हव्यात. लिमोनिन बियांमध्ये भरपूर असतं, आणि मिक्सरच्या पात्याखाली एखादी बी सापडली तर कडवटपणाला काही तास थांबावंच लागत नाही.