पानशेतच्या पुरात मारुती ८००

माहितीपटात स्टॉक फुटेज आणि अर्काइव्ह फुटेज यांत फरक काय, हा प्रश्न आहे. स्टॉक म्हणजे कुठेही चालणारी तयार, विकतची दृश्यं; ते फार सांगत बसत नाही. साइटवर ‘पूर’ शोधला की पाणी मिळतं, पैसे भरले की वॉटरमार्क जातो, विषय संपला. घोळ होतो तो अर्काइव्हपाशी, म्हणजे खऱ्या घटनेच्या जपून ठेवलेल्या चित्रणापाशी. जुनं आणि ब्लॅक अँड व्हाइट दिसलं की ते अर्काइव्ह, असं धरून चालणारे एडिटर पुण्यात पैशाला पासरी आहेत.

शॉटचं वय गौण. त्यावर निवेदक काय बोलतोय ते बघा. समजा, लक्ष्मी रोडवरच्या गर्दीचा साठच्या दशकातला शॉट हाताशी आहे. ‘तेव्हा पुण्यात सायकलींचं राज्य होतं’ हे वाक्य त्यावर आलं, तर त्याच्या जागी टिळक रोड लावला तरी कुणाचं काही बिघडत नाही. म्हणजे जुना असूनही तो स्टॉकचंच काम करतोय. पण त्याच शॉटवर ‘१२ जुलै १९६१, पानशेत फुटलं आणि लोक घरं सोडून पळाले’ असं म्हटलंत की तो थेट साक्षीला उभा राहिला. आता तारीख लागते, जागा लागते, कॅमेरामनने रिळासोबत लिहून दिलेली डोप शीट लागते. त्यातलं काहीच नसेल, तर तो शॉट त्या वाक्याखाली घालू नये.

घालतात मात्र बिनदिक्कत. लकडी पूल पाण्याखाली गेला होता ना, मग कुठली तरी नदी, कुठला तरी पूल, रंग काढा, वर ओरखड्यांचा इफेक्ट टाका. त्या खोट्या ओरखड्यांचा मला मनस्वी तिटकारा आहे. फ्रेमच्या कडेला मारुती ८०० उभी असली तरी यांच्या लक्षात यायचं नाही. ती गाडी आली १९८३च्या डिसेंबरात. पूर डोळ्यांनी पाहिलेली माणसं अजून सदाशिव पेठेत आहेत, याचं तरी भान ठेवा. खरं फुटेज नसेल तर फोटो लावा, नकाशा दाखवा, एखाद्या आजींना बोलू द्या. अगदीच इलाज नसेल तर ‘प्रातिनिधिक दृश्य’ लिहा, तेही वाचता येईल एवढ्या अक्षरात. तारखेशिवाय नुसतं ‘संग्रहित’ लिहिणं ही पळवाट झाली.

बाकी फरक किरकोळ. जुन्या फुटेजची चौकोनी फ्रेम रुंद पडद्यासाठी ताणून माणसं जाडी करू नका, एवढं पाळलंत तरी पुष्कळ.

हक्कांचं तेवढं सांगतो. लॉ कॉलेज रोडवरच्या फिल्म अर्काइव्हमध्ये रीळ आहे, म्हणजे हक्कही तिथेच आहेत असं नाही. ते बहुधा निर्मात्याकडे किंवा त्याच्या वारसांकडे असतात. आपल्या कायद्यात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनाच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. १९६१ साली प्रदर्शित झालेल्या माहितीपटाचा २०२१ अखेर संपला. कधीच प्रदर्शित न झालेल्या रशेसना, म्हणजे कच्च्या चित्रणाला मात्र हा हिशोब लावू नका. तिथे आधी मालक शोधा, मग एडिटिंगची टाइमलाइन उघडा.