बँक-जोखीम (अर्थशास्त्रीय सिद्धांत)

बँक-जोखीम : कर्जे थकणे, व्याजदर उलटणे किंवा ठेवीदारांनी एकदम पैसे मागणे यांमुळे बँकेच्या भांडवलाला व रोखतेला (मागणी होताच पैसे देण्याच्या क्षमतेला) संभवणारा धोका. पतजोखीम, बाजारजोखीम व रोखता-जोखीम हे तिचे अनुक्रमे रूढ प्रकार होत.

या सिद्धांताचा आरंभ कोठून धरावा, याविषयी एकमत नाही. अर्थशास्त्रज्ञ एफ. वाय. एजवर्थ यांनी १८८८ मध्ये संभाव्यताशास्त्राच्या आधारे असे मांडले की, ठेवीदार परस्परांपासून स्वतंत्रपणे पैसे काढत असतील, तर लागणारी राखीव रोकड ठेवींच्या वर्गमुळाच्या प्रमाणात वाढते; म्हणजे ठेवी चौपट झाल्या तरी रोकड दुप्पट पुरते. काही अभ्यासक आरंभाचा मान अर्थशास्त्रज्ञ फ्रँक नाइट यांना देतात. मोजता येणारी जोखीम व मोजता न येणारी अनिश्चितता हा भेद त्यांनी १९२१ मध्ये केला. बँकांपुरते पाहता एजवर्थ यांचा अग्रक्रम मानणे अधिक सयुक्तिक वाटते. मात्र ठेवीदार स्वतंत्रपणे वागतात हे त्यांचे गृहीतक नेमके घबराटीच्या दिवशी कोलमडते, कारण तेव्हा प्रत्येक जण शेजारच्याकडे पाहूनच रांगेत उभा राहतो. डग्लस डायमंड व फिलिप डिबविग यांनी १९८३ मध्ये दाखविले की, ठेवी मागताक्षणी देय आणि कर्जे दीर्घ मुदतीची, या रचनेमुळे सुस्थितीतील बँकही अशा झुंबडीने बुडू शकते. बँक बुडाली तरी ठराविक मर्यादेपर्यंत ठेव परत मिळण्याची हमी, म्हणजे ठेव विमा, हा त्यावरचा एक उपाय. घबराटीची झुंबड आणि कर्जांच्या दुरवस्थेची कुणकुण लागून उडालेली झुंबड यांत जॅकलिन व भट्टाचार्य यांनी १९८८ मध्ये फरक केला.

भारतात १९६० मध्ये पलाई सेंट्रल बँक व लक्ष्मी बँक बुडाल्यानंतर १ जानेवारी १९६२ रोजी ठेव विमा महामंडळ अस्तित्वात आले. प्रारंभी १,५०० रुपये असलेली विम्याची मर्यादा २०२० पासून ५ लाख रुपये आहे. पुण्याच्या रुपी को-ऑपरेटिव्ह बँकेवर २०१३ मध्ये निर्बंध आले आणि २०२२ मध्ये तिचा परवाना रद्द झाला. पुरेसे भांडवल व उत्पन्नाची शक्यता नसणे हे कारण रिझर्व्ह बँकेने दिले. मधली नऊ वर्षे पैसे अडकून पडलेल्या ठेवीदारांच्या हालांची नोंद कोणत्याही प्रतिमानात होत नाही, ही सिद्धांताची मोठी उणीव म्हणावी लागेल.

पुण्यात या विषयाकडे दोन दिशांनी पाहिले गेले. गोखले अर्थशास्त्र संस्थेचे (१९३०) धनंजयराव गाडगीळ यांचा भर ग्रामीण भागाला पतपुरवठाच न होण्यावर होता. त्यांच्या अध्यक्षतेखालील अभ्यासगटाने १९६९ मध्ये सुचविलेल्या क्षेत्रनिहाय दृष्टिकोनातून अग्रणी बँक योजना (प्रत्येक जिल्ह्यातील पतपुरवठ्याचे पुढारपण एका बँकेकडे सोपविणारी) आकारास आली. त्याच वर्षी रिझर्व्ह बँकेने स्थापिलेली, आता कोंढव्यात असलेली राष्ट्रीय बँक व्यवस्थापन संस्था मात्र बँकेच्या आतल्या जोखमीचे संशोधन व प्रशिक्षण करते.