नौदलांचा संयुक्त सराव व सामायिक कमांड

मित्रराष्ट्रांच्या नौदलांनी समान संकेत, समान कार्यपद्धती आणि आधी ठरवलेली कमांडरचना यांच्या आधारे समुद्रात एकत्र केलेला युद्धसराव.

या प्रथेचा आरंभ बहुधा नाटोच्या सप्टेंबर १९५२ मधील ‘मेनब्रेस’ सरावापासून धरला जातो. त्यात सुमारे २०० जहाजे व ८०,००० माणसे होती. तथापि तिचे खरे मूळ दुसऱ्या महायुद्धातील पराभवांत शोधणे अधिक सयुक्तिक वाटते. २७ फेब्रुवारी १९४२ रोजी जावा समुद्रात डच रिअर ॲडमिरल कारेल डोरमान यांच्या हाताखाली डच, ब्रिटिश, अमेरिकी व ऑस्ट्रेलियन युद्धनौका लढल्या; परंतु त्यांच्यापाशी समान संकेतपुस्तिका नव्हती, एकत्र सराव जवळजवळ झालेला नव्हता आणि आदेश भाषांतर करून पुढे पाठवावे लागत. जपानी टॉर्पेडोंची सरसता मान्य करूनही, ‘डे रॉयटर’ व ‘जावा’ या क्रूझर आणि स्वतः डोरमान गमावण्यामागे या विस्कळीतपणाचा वाटा मोठा होता.

कोणतेही राष्ट्र आपल्या जहाजांवरील पूर्ण अधिकार सहसा दुसऱ्याच्या हाती देत नाही. ठरावीक काळासाठी व कामापुरते केवळ कार्यकारी किंवा सामरिक नियंत्रण सोपवले जाते. नागपूरच्या वायुसेनानगरात मुख्यालय असलेली हवाई दलाची मेंटेनन्स कमांड ही जशी कायमची संघटना आहे, तशी सरावापुरती उभारलेली कमांड नसते. सराव संपताच ती विसर्जित होते. नाटोने मात्र १९६८ मध्ये अटलांटिकसाठी स्थायी नौपथक उभारले. हवाई बेटांजवळ १९७१ पासून होणाऱ्या ‘रिमपॅक’मध्ये एकूण सूत्रे अमेरिकेकडे असली, तरी २०१२ पासून काही घटकांचे नेतृत्व इतर देशांच्या अधिकाऱ्यांकडेही दिले गेले.

सरावाआधी नियोजन परिषदा होतात. बंदरातील टप्प्यात संकेत व सुरक्षानियम पक्के केले जातात. समुद्रातील टप्प्यात पाणबुडीविरोधी शोध, तोफांचा मारा, चालत्या जहाजांमधील इंधनभरणा आणि एकमेकांच्या जहाजांवर हेलिकॉप्टर उतरवणे यांचा क्रम असतो.

भारत कोणत्याही लष्करी आघाडीचा सदस्य नसल्यामुळे त्याच्या सरावांत अशी स्थायी सामायिक कमांड नाही. अमेरिकेसोबतचा ‘मलबार’ १९९२ मध्ये सुरू झाला, १९९८ च्या अणुचाचण्यांनंतर खंडित झाला आणि २००२ मध्ये पुन्हा सुरू झाला. २०१५ मध्ये जपान त्याचा कायम सहभागी झाला व २०२० मध्ये ऑस्ट्रेलिया परतला. ‘मिलन’ हा बहुराष्ट्रीय सराव १९९५ मध्ये पोर्ट ब्लेअर येथे चार परदेशी नौदलांसह सुरू झाला.