कूटरून

कूटरून म्हणजे रूनिक या प्राचीन जर्मानिक लोकांच्या लिपीतील अक्षरे (रून) सरळ न कोरता ठरलेल्या संकेताने बदलून किंवा चिन्हांत दडवून मजकूर लिहिण्याची उत्तर यूरोपातील प्रथा. स्कँडिनेव्हिया व तेथील लोकांनी वसवलेल्या बेटांवरील शिळा, लाकडी काठ्या आणि हाडांचे तुकडे यांवर तिचे नमुने आढळतात.

‘रून’ या शब्दाचा जुना अर्थच गुपित असा आहे. चौथ्या शतकात बायबलचे गॉथिक भाषांतर झाले तेव्हा ‘रहस्य’ या अर्थी ‘रूना’ हाच शब्द योजला गेला. नॉर्स, म्हणजे प्राचीन स्कँडिनेव्हियन, पुराणकथेत ओडिन हा देव स्वतःला भाल्याने जखमी करून नऊ रात्री झाडाला लटकत राहतो आणि त्या यातनांच्या मोलाने रून मिळवतो. स्वीडनमधील ब्यर्केटॉर्प येथे सहाव्या-सातव्या शतकातील सुमारे चार मीटर उंचीची शिळा उभी आहे. तिच्यावर ‘सामर्थ्यशाली रून मी येथे दडवले आहेत’ अशा आशयाचे शब्द असून, स्मारक मोडणाऱ्याला घातकी मृत्यूचा शाप दिला आहे. विशेष म्हणजे हा मजकूर साध्या अक्षरांत आहे. दडवणे म्हणजे वाचकापासून लपवणे असे येथे अभिप्रेत नसावे, तर शब्दांची शक्ती दगडात बंदिस्त करणे असे असावे.

कूटलेखनाची सर्वांत प्रचलित रीत वर्णमालेच्या रचनेवर बेतलेली आहे. वायकिंग काळातील सोळा रून सहा, पाच व पाच अशा तीन गटांत विभागलेले होते, त्यामुळे गटाचा क्रमांक आणि गटातील स्थान असे दोन आकडे दिले की अक्षर ओळखता येई. उभ्या दांड्याच्या डावीकडे गटाइतक्या आणि उजवीकडे स्थानाइतक्या फांद्या काढीत. त्यातही गट उलटे मोजण्याचा प्रघात असल्याने पहिल्या गटातला दुसरा रून ‘उ’ लिहायचा तर डावीकडे तीन व उजवीकडे दोन फांद्या येत. करपल्लवीत आधी हाताच्या खुणेने वर्ग व मग बोटांच्या संख्येने त्यातील अक्षर दाखवतात हे ज्यांना ठाऊक आहे, त्यांना ही युक्ती लगेच उमगेल. फांद्यांच्या जागी कोरणारे काहीही वापरीत. नॉर्वेतील बर्गेनच्या एका काठीवर दाढीवाले चेहरे कोरले असून दाढीचे केसच आकडे सांगतात. नवव्या शतकातील एका लॅटिन टिपणात तर टिंबांनी आणि टाळ्यांच्या आवाजानेही अक्षरे कळवण्याच्या रीती नोंदल्या आहेत.

स्वीडनमधील र्‍योक येथील शिळा या प्रथेचा मुकुटमणी होय. वारिन नावाच्या पित्याने आपल्या मृत मुलाच्या, वामोडच्या, स्मरणार्थ ती इ. स. ८०० च्या सुमारास उभारली. सुमारे ७६० रून असलेल्या या लेखात फांद्यांचे संकेत आहेत, तोवर वापरातून गेलेले जुने रून आहेत आणि अक्षरे सरकवण्याची रीतही आहे. ‘ह-न-इ-अ-स’ या गटातला ‘स’ लिहायचा असता तेथे त्याच्या आधीचा ‘अ’ कोरला आहे. अशा रीतीने झाकलेल्या एका ओळीचा आरंभ उलगडल्यावर ‘साकुम’, म्हणजे ‘सांगू या’, असा निघतो. पित्याने पुत्राच्या स्मरणलेखात ‘सांगू या’ हे शब्दच झाकावेत, हे मन हेलावणारे आहे. वाचणाऱ्याने थांबून, बोटाने मोजून ते शोधावेत अशी त्याची इच्छा दिसते.

गुप्त रूनांच्या जादूविषयीची भीती एगिल या वायकिंग कवी-योद्ध्याच्या आइसलँडिक गाथेत स्पष्ट दिसते. हेल्गा ही मुलगी आजारी असते. तिच्या अंथरुणात देवमाशाच्या हाडावर कोरलेले रून एगिलला सापडतात. तिचे प्रेम मिळवू पाहणाऱ्या एका तरुणाने, पुरते ज्ञान नसताना, ते कोरलेले असतात. एगिल ते खरवडून जाळतो, नवे रून तिच्या उशाखाली ठेवतो आणि नीट वाचता येत नसेल त्याने रून कोरू नयेत, अशी कविता म्हणतो. त्या कवितेत दहा गुप्त अक्षरांचा उल्लेख आहे. गाथाकाराच्या दृष्टीने अपाय गुप्ततेने झाला नाही, चुकीच्या अक्षराने झाला.

प्रत्यक्ष सापडलेल्या वस्तूंचा सूर मात्र पुष्कळ हलका आहे. बर्गेनमध्ये १९५५ च्या आगीनंतर झालेल्या उत्खननात शेकडो रूनलेख मिळाले. त्यांतील एका काठीवर सिगुर्ड व लावरान्स या दोघांनी आपली नावे साध्या रूनांत आणि संकेतातही लिहिली होती. तिच्या आधारे ओस्लो विद्यापीठाचे संशोधक योनास नुर्डबी यांनी ‘योटुनव्हिलुर’ हा संकेत उलगडला आणि २०१४ मध्ये त्याची वार्ता जगभर पोहोचली. या संकेतात रूनाच्या नावातला शेवटचा ध्वनी लिहितात. ‘मादर’ हे नाव असलेल्या ‘म’साठी ‘र’ येतो, पण ‘उर’ व ‘त्यूर’ यांच्यासाठीही तोच येतो. त्यामुळे निरोप धाडायला हा संकेत जवळजवळ निरुपयोगी आहे. तो रूनांची नावे पाठ करण्याचा खेळ असावा, हा नुर्डबी यांचा कल पटण्याजोगा आहे. ‘हे रून उलगड’ असे आव्हान काही लेखांत उघडपणे दिलेले असते. स्वीडनच्या सिग्टुना येथे मिळालेल्या हाडावर संकेत सोडवणाऱ्याला ‘माझे चुंबन घे’ एवढेच शब्द मिळतात.