याचिका हरलो नाही, विषयच संपला

(आमच्या अशिलांसाठी)

"कोर्टाने काही ठरवलेच नाही, मग आपण हरलो की जिंकलो?" गोव्यातल्या पर्वरीच्या हायकोर्टातून परतताना गाडीत हा प्रश्न हमखास येतो. म्हणून हे पान. वकिलाला जाहिरातीची मनाई आहे, तेव्हा ज्यांची फाइल आमच्याकडे आहे त्यांनीच ते वाचावे.

याचिकेत आपण काहीतरी मागतो. निकालाआधीच ते मिळाले, किंवा मिळण्याजोगे राहिले नाही, की याचिका निष्फळ ठरते. कोर्टात तिला 'इन्फ्रक्चुअस' म्हणतात. शॅकचेच, म्हणजे किनाऱ्यावरच्या तात्पुरत्या खानावळीचेच घ्या. हंगाम ३१ मेला संपतो. परवाना नाकारला म्हणून डिसेंबरात घातलेली याचिका जूनमध्ये बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत आली, तर भर पावसात न्यायाधीश परवाना देणार कसला? गुणदोषांवर, म्हणजे कुणाचे बरोबर यावर, कुणी काही म्हटलेले नसते, म्हणून ही हार नव्हे. पण हंगाम गेला तो गेलाच.

कधी समोरचा पक्षच मागे सरतो. पंचायतीने नोटीस मागे घेतली तर आपले काम झाले. मात्र काही दिवसांनी दुसरी नोटीस आली, तर जुन्या याचिकेवर विसंबू नका. मचाडो ब्रदर्स खटल्यात (नाव गोंयकाराचे, खटला बाहेरचा) नेमके हेच घडले. एजन्सी रद्द केल्याचे पहिले पत्र मागे घेऊन दुसरे पाठवले गेले, आणि पहिल्या पत्रावरचा दावा निरर्थक झाल्याचे सुप्रीम कोर्टाने २००४ साली ठरवले. म्हणून याचिका बंद होताना, नवा हुकूम आल्यास पुन्हा येण्याची मोकळीक आम्ही आदेशातच लिहून मागतो.

समोरचे वकील "आता यात काही राहिले नाही" म्हणाले म्हणून लगेच मान डोलवायची नाही. बढतीची याचिका चालू असताना नोकर निवृत्त झाला, तरी पगारातला फरक आणि पेन्शन शिल्लक असते. घर पाडून झाले तरी भरपाई मागता येते. त्यासाठी याचिकेत दुरुस्ती करावी लागते. दाव्यातली जमीन मध्येच विकली गेली तर दावा मरत नाही, घेणारा सहसा निकालाला बांधलेला असतो.

सगळ्यात मोठा गैरसमज असा की, याचिका घातली म्हणजे घर पाडायला आलेला जेसीबी थांबला. तो थांबतो स्थगितीने, म्हणजे निकालापर्यंत कारवाई रोखणाऱ्या कोर्टाच्या आदेशाने, आणि स्थगिती वेगळी मागावी लागते. शुक्रवारी संध्याकाळी नोटीस हातात घेऊन आलात तर आमचेही हात बांधलेले असतात. आली त्याच दिवशी व्हॉट्सॲपवर फोटो पाठवा, दोन्ही बाजूंचा. लिफाफाही ठेवा, नोटीस कधी पाठवली ते टपालाच्या शिक्क्यावरून दाखवता येते.