रेतीची गाडी पकडली : सोडवायचा अर्ज कुठे, कोणी आणि कोणत्या कागदांसह

वैनगंगेचा घाट असो की वर्धा, पैनगंगा, पूर्णेचा. रेतीचा ट्रॅक्टर पकडला की मालक आधी ओळखीचा माणूस शोधतो. त्याआधी पंचनाम्याची आणि जप्तीनाम्याची प्रत हाती घ्या. गाडी महसूलने पकडली की पोलिसांनी, हे त्यात लिहिलेलं असतं आणि अर्ज कोणत्या दारात द्यायचा ते त्यावरूनच ठरतं. चुकीच्या दारात महिना घालवला, तर ऐन वखरणीत ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात आणि शेत तसंच पडून.

महसूलने पकडली असेल तर

इथे महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चं कलम ४८ लागतं. पोटकलम (७) प्रमाणे विनापरवाना रेतीच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. ‘पर्यंत’ हा शब्द लक्षात ठेवा. सरसकट पाचपट लावलीच पाहिजे असं कायदा म्हणत नाही, म्हणून नोटिशीला उत्तर द्यायचंच. उत्तर दिलं नाही तर मोजमाप आणि भाव, दोन्ही समोरचा म्हणेल तेच धरले जातात.

पोटकलम (८) गाडीबद्दल आहे. जिल्हाधिकाऱ्यांनी अधिकार दिलेला तहसीलदार गाडी जप्त करू शकतो. सोडण्याचा अधिकार मात्र जिल्हाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेला, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा खालच्या दर्जाचा नसलेला अधिकारी यांनाच आहे. म्हणजे बहुधा एसडीओ (उपविभागीय अधिकारी) साहेब. जप्तीपासून ४८ तासांच्या आत गाडी त्यांच्यापुढे हजर करायची असते. गाडीच्या दंडाच्या आदेशावर तहसीलदाराचीच सही असेल तर तो कागद जपून ठेवा. नेमक्या याच मुद्द्यावर लोक उच्च न्यायालयात गेले आहेत.

गाडीचा दंड रेतीच्या दंडाहून वेगळा. जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेप्रमाणे ट्रॅक्टर-ट्रॉलीला १ लाख, फुल बॉडी ट्रक किंवा डंपरला २ लाख आणि एक्स्कॅव्हेटरला साडेसात लाख रुपये. रेतीचा भाव ब्रासला (१०० घनफुटाला) ५ हजार धरला, तर ट्रॉलीभर, म्हणजे साधारण एका ब्रासची खेप सव्वा लाखापर्यंत जाते.

अर्ज कोणी करायचा

आरसी बुकावर ज्याचं नाव, त्यानेच. ड्रायव्हरच्या सहीचा अर्ज चालत नाही. गाडी विकली पण नावावर केली नाही, हा प्रकार आपल्याकडे घरोघरी. तिथे कागदोपत्री मालकालाच सोबत न्यावं लागतं. मालक वारला असेल तर वारसांनी वारसाचे कागद जोडावेत. फायनान्सची गाडी असली तरी अर्ज मालकाचाच, आणि गाडी उभी असली तरी हप्ता काही थांबत नाही.

अर्जासोबत आरसी, विमा, ड्रायव्हरचं लायसन्स, आधार, पॅन, पंचनामा आणि नोटिशीची प्रत लावा. गाडीच्या किमतीचा दाखला बहुतेक ठिकाणी मागतात. कारण दंडाच्या चलनासोबतच मालकाला जातमुचलकाही (स्वतःच्या हमीचं बंधपत्र) द्यावा लागतो. त्याची रक्कम गाडीच्या बाजारभावापेक्षा जास्त नसावी आणि ‘ही गाडी पुन्हा अवैध उत्खननात किंवा वाहतुकीत वापरणार नाही’ असं त्यात लिहून द्यायचं असतं.

रेती परवान्याची असेल तर सगळा भार वाहतूक पासवर. पासवरचा गाडी नंबर, वेळ आणि ब्रास जुळायला हवेत. ‘घरकुलाची रेती हाय साहेब’ एवढ्यावर गाडी सुटत नाही. राज्याच्या २०२५ च्या रेती धोरणात घरकुल लाभार्थ्याला ५ ब्रासपर्यंत रेती मोफत आहे हे खरं; पण घरकुलाचं मंजुरीपत्र म्हणजे वाहतूक पास नव्हे.

आणखी एक. चूक कबूल असल्याचं तयार लिखाण पुढे केलं, तर वाचल्याशिवाय सही करू नका. पुढे अपिलात पहिला तोच कागद निघतो.

पोलिसांनी पकडली असेल तर

गुन्हा दाखल झाला असेल, बहुधा भारतीय न्याय संहितेच्या कलम ३०३(२) खाली चोरीचा, तर अर्ज न्यायालयात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ किंवा ५०३ खाली गाडी सुपूर्दनाम्यावर, म्हणजे प्रकरण निकाली निघेपर्यंत सांभाळायला, मागायची. जुन्या कायद्यात हीच कलमं ४५१ आणि ४५७ होती. जप्त गाड्या ठाण्यात सडत ठेवू नयेत, हे सर्वोच्च न्यायालयाने सुंदरभाई देसाई प्रकरणात २००२ मध्येच सांगितलं आहे. वकिलाला त्याचा आधार घ्यायला सांगा. न्यायालय फोटो, बंधपत्र आणि गाडी विकणार नाही अशी हमी मागू शकतं.

दोन्ही कारवाया एकाच वेळी चालू शकतात. महसूलचा दंड भरला म्हणून चोरीचा गुन्हा आपोआप मिटत नाही.

पंचनाम्यात टायर, बॅटरी, जॅक, डिझेल यांची नोंद आहे ना, ते तिथेच बघा. गाडी सुटते तेव्हा बॅटरी असेलच असं नाही, आणि नोंद नसेल तर भांडणार कशावर?

आदेश मान्य नसेल तर

तहसीलदाराच्या आदेशावर अपील एसडीओकडे, एसडीओच्या आदेशावर जिल्हाधिकाऱ्यांकडे. दोन्हींची मुदत ६० दिवस. नुसतं अपील दाखल केल्याने वसुली थांबत नाही. स्थगितीचा अर्ज वेगळा द्या. दंड थकला तर तो जमीन महसुलाच्या थकबाकीसारखा वसूल होतो आणि सातबाऱ्यावर बोजा चढला की खरिपाच्या पीककर्जाला बँकेत तोच आडवा येतो.